विस्मयाचा रकाना

काही वर्षांपूर्वी एका कथास्पर्धेच्या तिघा परीक्षकांपैकी मी एक होते. लेखकांची नावे झाकलेली होती आणि प्रत्येक कथेच्या पहिल्या पानावर उजव्या कोपऱ्यात नुसता क्रमांक होता. कथांच्या गठ्ठ्याबरोबर एक छापील गुणपत्रक आले होते. त्यावर विषय, आशय, भाषा, रचना आणि सामाजिक जाणीव असे पाच रकाने होते आणि प्रत्येक रकान्याला वीस गुण होते. पहिल्या चाळीसेक कथा मी या रकान्यांच्या आधाराने बऱ्यापैकी बिनघोर तपासल्या. सत्तेचाळिसाव्या कथेपाशी मात्र हात थांबला.

ती कथा दरीकाठच्या एका गावाची होती. त्या गावात प्रत्येकाचा पडसाद ज्याच्या त्याच्या मालकीचा असतो आणि कर्ज काढायचे झाले तर तो सावकाराकडे तारण ठेवावा लागतो. सावकार हे पडसाद मातीच्या मडक्यांत भरतो, तोंडाला फडके बांधतो आणि मडकी फळीवर ओळीने मांडून ठेवतो. ज्याचा पडसाद गहाण पडला त्याने दरीच्या काठावरून कितीही हाका मारल्या तरी काहीच परत येत नाही. मग अशी माणसे हळूहळू कमी बोलू लागतात, कारण आपले बोलणे कुठे पोचले की नाही हेच त्यांना कळेनासे होते. कथेतली बाई वर्षानुवर्षे राबून कर्ज फेडते, आपले मडके सोडवून आणते आणि पहाटे दरीकाठी जाऊन फडक्याची गाठ सोडते. ती स्वतःचे नाव घेऊन हाक मारते. परत येतो तो भलत्याच बाईचा आवाज, कुठल्याशा मुलाला घरी बोलावणारा. सावकाराकडे मडक्यांची अदलाबदल झालेली असते. पण ही बाई तक्रार घेऊन त्याच्या दारी जात नाही. ती रोज तिन्हीसांजेला दरीकाठी जाऊन एक हाक मारते, त्या दुसरीला आपल्या मुलाला बोलावता यावे म्हणून.

मी ती कथा दोनदा वाचली आणि मग गुणपत्रक पुढे ओढले. विषय कोणता म्हणायचा? कर्जबाजारीपणा म्हणावे तर कथेचे मर्म त्यात मावत नव्हते, मातृत्व म्हणावे तर ते फारच ओढूनताणून होत होते. सामाजिक जाणिवेच्या रकान्यापाशी मी बराच वेळ पेन टेकवून बसले आणि शेवटी बारा गुण दिले. बैठकीत एक ज्येष्ठ परीक्षक म्हणाले, की भाषा गोड आहे, पण ही कथा मुलांच्या स्पर्धेत पाठवायला हवी होती. दुसऱ्यांनी अधिक आपुलकीने सुचवले, की शेवटी ती बाई जागी झाली असती आणि हे सगळे स्वप्न निघाले असते, तर कथेचा बक्षिसासाठी विचार करता आला असता. मी काहीच बोलले नाही. मला कथा आवडली होती, पण का आवडली हे सांगायला गुणपत्रकात जागा नव्हती आणि गुणपत्रकाबाहेर जाऊन बोलण्याचे धैर्य त्या दिवशी मला झाले नाही. कथा बाजूच्या गठ्ठ्यात गेली. ती सल मनात राहिली आणि तेव्हापासून अद्भुतकथांना मिळणाऱ्या व नाकारल्या गेलेल्या पुरस्कारांविषयी जे हाती लागेल ते मी वाचत आले आहे.

त्या वाचनात पहिल्यांदा भेटले ते 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे लेखक जे. आर. आर. टोल्किन यांचे एक व्याख्यान. ८ मार्च १९३९ रोजी स्कॉटलंडमधील सेंट अँड्र्यूज विद्यापीठात, लोककथांचे अभ्यासक अँड्र्यू लँग यांच्या नावाने चालणाऱ्या व्याख्यानमालेत ते परीकथांविषयी बोलले होते. त्यात त्यांनी हिरव्या सूर्याचे उदाहरण घेतले आहे. 'हिरवा सूर्य' असे म्हणायला काही लागत नाही, भाषेची जुजबी समज असलेला कोणीही दोन शब्द शेजारी ठेवू शकतो. पण ज्या जगात तो हिरवा सूर्य खरा वाटेल असे जग रचायला श्रम लागतात, विचार लागतो आणि क्वचितच आढळणारे एक कौशल्य लागते, असे त्यांचे म्हणणे आहे. हे वाचताना मला ती मडकी आठवली. पडसाद गहाण पडतो हा झाला हिरवा सूर्य. पण पडसाद हरवलेली माणसे कमी बोलू लागतात, हे लिहायला लेखकाला त्या जगात काही काळ राहून यावे लागते. एक अशक्य गोष्ट मान्य केल्यावर तिच्या पाठोपाठ काय काय शक्य होईल याचा प्रामाणिक हिशेब त्या वाक्यात होता, आणि विषय, आशय, भाषा, रचना यांपैकी कुठल्याच रकान्यात त्या हिशेबाला गुण नव्हते.

त्याच व्याख्यानात स्वप्नाचाही समाचार घेतलेला आहे. सगळे स्वप्नात घडले असे शेवटी सांगणाऱ्या कथा टोल्किन परीकथांत धरतच नाहीत. अद्भुतकथेच्या मुळाशी कल्पिलेले विस्मय प्रत्यक्षात उतरवण्याची जी ओढ असते तिची ही फसवणूक आहे, असे ते म्हणतात. आमच्या बैठकीत जी सूट म्हणून देऊ केली गेली होती, ती घेतली असती तर कथेचा प्राणच गेला असता. बाई जागी झाली असती, मडकी नाहीशी झाली असती आणि दरीपलीकडच्या त्या मुलाला कोणी हाक मारली नसती.

अद्भुतात नियम असतात आणि नियमांना किंमत असते, हे मला सर्वांत स्पष्ट दिसले ते अमेरिकन लेखिका अर्सुला ली ग्विन यांच्या अर्थसी या कल्पित द्वीपसमूहात. १९६८ साली आलेल्या पहिल्या पुस्तकात जादू चालते ती वस्तूचे खरे नाव ठाऊक असण्याने. ज्याला खरे नाव कळले त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते, म्हणून माणसे आपले खरे नाव कोणाला सांगत नाहीत आणि टोपणनावाने जगतात. गेड हा तरुण जादूगार गर्वापायी एका सावलीला मोकळे सोडतो, मरता मरता वाचतो, चेहऱ्यावर व्रण आणि मनात भीती घेऊन उठतो. त्या अवस्थेत त्याचा मित्र निरोप घ्यायला येतो आणि जाताना, कोणी न मागता, आपले खरे नाव त्याला सांगतो. लेखिका तिथे मैत्रीविषयी भाष्य करत नाही. तोवर वाचकाला नियम इतका नीट समजलेला असतो, की एक नाव उच्चारले गेले आणि गळा दाटून आला, एवढेच त्याला कळते. असे गळा दाटून येणे मोजायचे कोणत्या मापाने, हाच अद्भुतकथेच्या परीक्षकापुढचा खरा प्रश्न आहे.

आपल्या परंपरेने तर हे माप फार पूर्वीच सांगून ठेवले आहे. भरतमुनींच्या नाट्यशास्त्रात जे आठ रस आहेत त्यांत अद्भुत हा एक रस आहे आणि विस्मय हा त्याचा स्थायी भाव आहे. अद्भुत वीरापासून उपजतो असेही तिथे म्हटले आहे, आणि हे मला फार मोलाचे वाटते. ज्या रसाचे मूळ पराक्रमात आहे, त्याला आपण बालवाडीत कधी आणि कसे नेऊन बसवले, याचा शोध खरे तर स्वतंत्रपणे घ्यायला हवा.

अर्थात हे आमच्या छोट्याशा स्पर्धेपुरते नव्हते. १९६१ सालच्या नोबेल पुरस्कारासाठी टोल्किन यांचे नाव त्यांचे मित्र सी. एस. लुईस यांनी सुचवले होते. नोबेलची अशी कागदपत्रे पन्नास वर्षे बंद असतात, त्यामुळे समितीत काय म्हटले गेले हे २०१२ च्या सुरुवातीला उजेडात आले. समितीतले आंडर्स ऑस्टर्लिंग यांचा अभिप्राय असा होता, की या लेखनाने उच्च प्रतीच्या कथनाची पातळी कोणत्याच प्रकारे गाठलेली नाही. त्या वर्षीचा पुरस्कार युगोस्लाव्हियाचे इवो आंद्रिच यांना मिळाला. आंद्रिच मोठेच लेखक होते, त्यांच्या पुरस्काराविषयी माझी काही तक्रार नाही. मला टोचतो तो 'कथन' हा शब्द. टोल्किन यांच्याविरुद्ध दुसरे काहीही म्हणता आले असते. गद्य जुन्या वळणाचे आहे, पात्रे एकरंगी आहेत, असे आक्षेप मी समजू शकते. पण त्यांच्या कथनालाच उणे ठरवले गेले, तेव्हा ते ऐकणाऱ्याचे कान कशासाठी तयार झालेले होते, असा प्रश्न पडतो.

या अनुभवाला ली ग्विन यांनी फार वर्षांनी आवाज दिला. नोव्हेंबर २०१४ मध्ये न्यूयॉर्कमध्ये अमेरिकेच्या नॅशनल बुक फाउंडेशनने त्यांना साहित्यातील योगदानाचे पदक दिले. तेव्हा त्या पंचाऐंशी वर्षांच्या होत्या. व्यासपीठावर उभे राहून त्यांनी सांगितले, की ज्यांना इतका दीर्घ काळ साहित्याच्या बाहेर ठेवले गेले आणि ज्यांनी पन्नास वर्षे सुंदर सुंदर पुरस्कार तथाकथित वास्तववाद्यांकडे जाताना पाहिले, त्या कल्पनेच्या लेखकांबरोबर हा सन्मान मी वाटून घेते. भाषण काही मिनिटांचेच आहे. त्यात कडवटपणा नाही, पण हिशेब चुकता केल्याचा ठामपणा आहे. ते ऐकताना मला आमच्या बैठकीतले माझे मौन फार जड वाटले.

बाहेर ठेवलेल्यांनी दरम्यानच्या काळात आपले घर बांधलेलेच होते. अद्भुतकथांसाठीचा वर्ल्ड फँटसी पुरस्कार १९७५ साली ऱ्होड आयलंडमधील प्रॉव्हिडन्स या गावी भरलेल्या पहिल्या जागतिक फँटसी संमेलनात दिला गेला. कादंबरीसाठीचा पहिला मान पॅट्रिशिया मॅकिलिप यांना मिळाला. त्यांची नायिका डोंगरावर एकटी राहणारी जादूगारीण आहे, जी पुराणकाळातल्या प्राण्यांना त्यांच्या नावांनी बोलावून आपल्याजवळ ठेवते. या पुरस्काराची निवडपद्धत मला विशेष आवडते. दरवर्षी पाच परीक्षक असतात आणि ते दरवर्षी बदलतात. अंतिम यादीत प्रत्येक विभागातली दोन नावे संमेलनाच्या सदस्यांच्या मतांनी येतात, बाकीची परीक्षक घालतात आणि निर्णय त्या पाच जणांचा असतो. केवळ मतदानावर चालणारे पुरस्कारही आहेत आणि त्यांची स्वतःची शान आहे, पण अद्भुतकथा ही पूर्ण ऐकल्याशिवाय कळत नाही. तिचा नियम पहिल्या पानावर पेरलेला असतो आणि त्याचे फळ शेवटच्या पानावर येते. वर्षभर गठ्ठे घेऊन बसणारे पाच वाचक मला त्यासाठी अधिक भरवशाचे वाटतात.

अशा वाचकांनी काही वेळा मोठी झेपही घेतली आहे. २००६ साली कादंबरीचा पुरस्कार हारुकी मुराकामी यांच्या जपानीतून अनुवादित झालेल्या पुस्तकाला मिळाला, ज्यात आकाशातून मासे पडतात आणि एक वृद्ध माणूस मांजरांशी बोलतो. त्याआधी १९९१ साली परीक्षकांनी लघुकथेचा पुरस्कार चक्क एका चित्रकथेच्या अंकाला दिला होता. नील गेमन यांनी लिहिलेल्या आणि चार्ल्स व्हेस यांनी रेखाटलेल्या त्या अंकात शेक्सपियरची नाटकमंडळी एका टेकडीवर खऱ्या पऱ्यांपुढे परीराज्याचे नाटक करते. आता मात्र चित्रकथांचा विचार व्यावसायिकांसाठीच्या विशेष पुरस्कारात होतो; लघुकथेच्या रांगेत त्यांना जागा नाही. कालपर्यंत स्वतः दाराबाहेर उभे असलेल्यांनी आपल्या घराला दार बसवले, तेव्हा तेही कोणाला तरी लागलेच.

दाराचे हे झाले लहान उदाहरण. मोठे उदाहरण त्या पुरस्काराच्या चेहऱ्याचे आहे, आणि चेहरा हा शब्द मी शब्दशः वापरते आहे. १९७५ पासून विजेत्याला मिळणारे स्मृतिचिन्ह म्हणजे अमेरिकन भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट यांचा अर्धपुतळा होता. भयचकित करणाऱ्या व्यंगचित्रांसाठी प्रसिद्ध असलेल्या गॅहन विल्सन यांनी तो घडवला होता. लांबुडका चेहरा, घट्ट मिटलेले ओठ, मोठाले डोळे. त्याला लाडाने हॉवर्ड म्हणत. लव्हक्राफ्ट १८९० साली प्रॉव्हिडन्सलाच जन्मले आणि १९३७ साली तिथेच वारले, म्हणून पहिल्या संमेलनाचे स्थळ आणि हा पुतळा यांची सांगड सहज जुळली होती. विश्वाच्या अफाटपणापुढे माणूस किती क्षुल्लक आहे हे भय त्यांनी ज्या तीव्रतेने कथेत आणले, त्याचे ऋण पुढच्या कित्येक लेखकांवर आहे. मात्र त्याच लव्हक्राफ्टनी १९१२ साली कृष्णवर्णीयांविषयी एक कविता लिहिली होती, जिच्यात त्यांना माणसाच्या पंक्तीतून बाहेर काढलेले आहे. तिचा याहून अधिक तपशील मला इथे उतरवायचा नाही.

२०११ साली नायजेरियन कुळाच्या अमेरिकन लेखिका ननेडी ओकोराफोर यांना कादंबरीचा पुरस्कार मिळाला. त्या विभागात हा मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय लेखिका होत्या. पुतळा घरी आला आणि मग त्यांना त्या कवितेविषयी कळले. आपला सर्वांत मोठा लेखनसन्मान म्हणून आपल्या घरात ज्याचा चेहरा ठेवला आहे त्याने आपल्याला माणूस मानले नसते, ही जाणीव घेऊन त्यांनी एक दीर्घ टिपण लिहिले. त्यातला संयम मला अजून थक्क करतो. पुतळा फोडा असे त्या म्हणत नाहीत. या साहित्याचा इतिहास जसा आहे तसा समोर घ्यायला हवा, तो दडवून चालणार नाही, असे त्या म्हणतात. त्यांनी आधीचे विजेते चायना मिव्हिल यांनाही विचारले होते. मिव्हिल यांनी सांगितले, की आपण तो पुतळा अभ्यासिकेत, भिंतीकडे तोंड करून ठेवला आहे आणि तेव्हापासून आपण लव्हक्राफ्टच्या पाठीमागे लिहितो आहोत.

भिंतीकडे तोंड केलेला तो पुतळा माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. पुरस्कार म्हणजे कोणीतरी आपल्याकडे पाहून मान डोलावणे. इथे पाहणाऱ्यालाच पाठमोरे बसवावे लागले. २०१४ साली सोफिया समतार यांनी कादंबरीचा पुरस्कार स्वीकारताना व्यासपीठावरूनच हा विषय काढला. त्यांना मिळालेल्या आनंदात एक अवघडलेपण मिसळलेले होते आणि ते आनंदाच्या क्षणीच बोलून दाखवणे किती कठीण गेले असेल, याची कल्पना बैठकीत गप्प बसलेल्या मला चांगली करता येते. त्याच वर्षी लेखक डॅनियल होझे ओल्डर यांनी त्याऐवजी कृष्णवर्णीय अमेरिकन लेखिका ऑक्टेव्हिया बटलर यांचा पुतळा ठेवावा म्हणून सह्यांची मोहीम चालवली होती. नोव्हेंबर २०१५ मध्ये जाहीर झाले, की लव्हक्राफ्टचा पुतळा यापुढे दिला जाणार नाही. पुण्यात जन्मलेले आणि लव्हक्राफ्टचे चरित्रकार म्हणून जगभर मान असलेले एस. टी. जोशी यांनी या निर्णयाच्या निषेधार्थ आपले दोन पुरस्कार परत केले. आयुष्यभर ज्याचा अभ्यास केला त्या लेखकाचा तो अपमान आहे असे त्यांना वाटले, आणि त्यांच्या निष्ठेचा मला आदर आहे. तरीही मला निर्णय योग्य वाटतो. लव्हक्राफ्टच्या कथा कोणी कपाटातून काढून घेतल्या नाहीत. फक्त दुसऱ्याच्या घरात जाऊन बसण्याचा त्यांच्या चेहऱ्याचा हक्क संपला. व्हिन्सेंट व्हिलाफ्रँका यांनी घडवलेल्या नव्या चिन्हात पूर्णचंद्रापुढे उभे असलेले एक झाड आहे. त्याला चेहरा नाही.

हे सगळे वाचत असताना मला पुन्हा पुन्हा एक जुनी गोष्ट आठवत राहिली. अद्भुतकथेच्या सन्मानाची गोष्ट अद्भुतकथेनेच आपल्या पोटात वागवली आहे. अकराव्या शतकात काश्मीरमध्ये सोमदेवांनी राणी सूर्यमतीच्या विरंगुळ्यासाठी कथासरित्सागर रचला. अठरा लंबक म्हणजे खंड, एकशे चोवीस तरंग म्हणजे प्रकरणे आणि एकवीस हजारांहून अधिक श्लोक असलेला हा सागर सुरू होतो तोच मुळी कथा सांगण्याच्या अपराधापासून. शिव पार्वतीला पूर्वी कोणी न ऐकलेली कथा सांगतात, पुष्पदंत नावाचा गण ती चोरून ऐकतो आणि आपल्या बायकोला सांगतो. पार्वतीच्या कानावर ते गेल्यावर ती त्याला आणि त्याच्यासाठी रदबदली करणाऱ्या माल्यवानाला मनुष्यजन्माचा शाप देते. माल्यवान पृथ्वीवर येतो तो गुणाढ्य होऊन आणि सातवाहन राजाचा मंत्री होतो.

पुढे एके दिवशी राजा राण्यांबरोबर जलक्रीडा करत असताना एक राणी संस्कृतात म्हणते, 'मोदकैः' मला मारा. तिला म्हणायचे असते मा उदकैः, म्हणजे पाण्याने नको. राजाला संस्कृत संधी कळत नाही, तो मोदक मागवतो आणि राणी हसते. लाजेने काळवंडलेला राजा अंथरूण धरतो, कोणाशी बोलत नाही. गुणाढ्य म्हणतो, मी सहा वर्षांत व्याकरण शिकवीन. दुसरा मंत्री शर्ववर्मा म्हणतो, मी सहा महिन्यांत. हे घडले तर संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा या तिन्ही मी सोडीन, अशी प्रतिज्ञा गुणाढ्य करतो आणि हरतो. भाषा गमावलेला तो माणूस मुका होऊन विंध्याच्या अरण्यात जातो. तिथे त्याला पिशाचांची भाषा ऐकू येते आणि तिने तिन्ही भाषा सोडण्याची प्रतिज्ञा मोडत नाही, म्हणून तो ती शिकतो. काणभूती नावाच्या पिशाचाकडून शिवाने सांगितलेली ती महाकथा ऐकतो. सात वर्षे बसून सात लाख श्लोकांत ती लिहितो, आणि अरण्यात शाई नसल्यामुळे स्वतःच्या रक्ताने लिहितो.

मग गुणदेव आणि नंदिदेव हे त्याचे दोन शिष्य ते हस्तलिखित सातवाहनाकडे नेतात. राजा तीन दोष काढतो: आकार प्रचंड, भाषा पिशाचांची आणि अक्षरे रक्ताची. माझ्या गुणपत्रकाहून ते पत्रक फार वेगळे नव्हते. रचना, भाषा आणि सादरीकरण यांत गुण कापले गेले, कथा काय आहे हे कोणी विचारलेच नाही. आणि हा राजा कोण, तर कालपर्यंत भाषा येत नाही म्हणून ज्याला हसले गेले होते आणि ज्याने त्या दुःखाने अन्नपाणी टाकले होते तोच. व्याकरण आले, तसा तोही दुसऱ्याच्या भाषेला हसायला शिकला. हा धागा सोमदेव उलगडून सांगत नाहीत. तो कथेत नुसता ठेवलेला आहे, पण एकदा दिसल्यावर मला लघुकथेच्या रांगेबाहेर गेलेली ती चित्रकथा आणि भिंतीकडे तोंड केलेला तो पुतळा त्याच धाग्यात ओवलेले दिसू लागले.

परत आलेले बाड घेऊन गुणाढ्य नगराजवळच्या एका टेकडीवर जातो, अग्नी पेटवतो आणि एकेक पान मोठ्याने वाचून अग्नीत टाकू लागतो. शिष्य पाहत आणि रडत उभे असतात. हळूहळू रानातून हरणे येतात, रानडुकरे येतात, रेडे येतात. चरणे सोडून ती सगळी जनावरे भोवती कडे करून निश्चल उभी राहतात, आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत असते. इकडे राजा आजारी पडतो. वैद्य म्हणतात, जेवणातले मांस शुष्क आहे. आचाऱ्यांना जाब विचारला जातो, ते पारध्यांकडे बोट दाखवतात आणि पारधी सांगतात, की टेकडीवर एक ब्राह्मण पान वाचतो आणि जाळतो, त्याच्याभोवती जमलेले प्राणी चरायलाच जात नाहीत, म्हणून त्यांच्या अंगावर मांस उरलेले नाही.

मला वाटते, जगातल्या कोणत्याही कथाकाराला याहून मोठा पुरस्कार मिळालेला नाही, आणि तो देणाऱ्यांना व्याकरणही येत नव्हते. राजापर्यंत ती कथा कानावाटे पोचली नाही ती पोटावाटे पोचली, हा सोमदेवांचा न्याय मला फार आवडतो. राजा स्वतः टेकडीवर येतो, जटा वाढलेल्या गुणाढ्याच्या पाया पडतो आणि कथा मागतो. तोवर सहा लाख श्लोक जळून गेलेले असतात. एक लाखाची एकच कथा उरलेली असते, नरवाहनदत्ताची. ती का उरली याचे कारण सोमदेवांनी दिले आहे: ती त्या दोन शिष्यांना आवडत होती, म्हणून गुणाढ्याने ती त्यांच्यासाठी राखून ठेवली होती. गुणाढ्याची ती मूळ महाकथा, म्हणजे बृहत्कथा, तर आज संपूर्ण लुप्त आहे; तिच्या नंतर झालेल्या संक्षेपांवरूनच आपण तिला ओळखतो.

दोघांची आवड, एक लाख श्लोक. वर्ल्ड फँटसीच्या यादीतली ती सदस्यांची दोन नावे वाचताना मला दरवेळी गुणदेव आणि नंदिदेव आठवतात. परीक्षक म्हणून मला जे करायचे होते ते या दोघांनी केले: त्यांनी निकाल दिला नाही, त्यांना एक कथा आवडली आणि ते त्या आवडीशी प्रामाणिकपणे रडत उभे राहिले.

सत्तेचाळीस क्रमांकाच्या कथेची प्रत माझ्याकडे नाही. स्पर्धेच्या नियमाप्रमाणे सगळी हस्तलिखिते परत करावी लागली आणि नावे झाकलेली असल्यामुळे ती कोणी लिहिली हे मला कधीच कळले नाही. मी ती तोंडी अनेकांना सांगितली आहे, पण सांगताना शब्द माझे होतात, आणि मला मूळ वाक्ये हवी असतात. त्या दिवशी तपासताना उतरून घेतलेले एकच वाक्य माझ्या टिपणवहीत आहे. सावकाराकडे काम करणारा पोऱ्या फळीवरची मडकी पुसताना विचारतो, की ही एकमेकांपासून चार बोटे लांब का ठेवायची. सावकार हिशेबाच्या वहीतून मान वर न काढता म्हणतो, 'दोन हाका एकमेकींत मिसळल्या, तर व्याज कुणाच्या नावावर लावायचे?'